सातव्या कृत्तिकेचे बूट

११ जानेवारी १९४५

आज मुलांनी गोष्ट मागितली आणि मी हो म्हणून बसले. रोज एक तुकडा, संध्याकाळच्या जेवणाआधी. जेवण म्हणजे मुळ्याच्या पाल्यात बुडालेला भात, त्यातही भात कमी आणि पाला फार. गोष्ट आधी ठेवली की मुलं वाडग्याकडे कमी बघतील, असा माझा धूर्त विचार.

टोकियो सोडून आम्ही मियागीच्या या डोंगरात आलो तेव्हा झाडांवर सिकाडा किडे किरकिरत होते. आता छपरापर्यंत बर्फ आहे. शहरावर बॉम्ब पडायच्या आत तिसरी ते सहावीची मुलं बाहेर काढा, असा सरकारी हुकूम होता. आमच्या शाळेच्या वाट्याला हे देऊळ आलं. शिक्षक दोनच, कुसाका सर आणि मी. देवळाचे पुजारी दोन वर्षांपूर्वी वारले. त्यांची बायको, इशिकाकू, सगळा कारभार बघते. तोंडाने फटकळ, आणि धान्याच्या कोठीची किल्ली कमरेला.

लढाईआधी मुलांच्या एका मासिकात माझ्या दोन गोष्टी छापून आल्या होत्या. पुढे कागद मिळेना म्हणून ते मासिक बंद पडलं. लढाई संपली की ताऱ्यांच्या गोष्टींचं एक पुस्तक काढायचं, असं माझ्या मनात आहे. कोणाला सांगितलेलं नाही. इथे सांगते.

टोकियोत नव्हती अशी एकच गोष्ट इथे भरपूर मिळते, ती म्हणजे आकाश. त्याच्यावर रेशन नाही.

१५ जानेवारी

गोष्ट जमतेय असं वाटतं. आकाशात कृत्तिका सात बहिणी. आपल्याला दिसतात सहाच, कारण धाकटी एकदा फार वाकून खाली बघायला गेली आणि घसरून या देवळामागच्या बर्फात पडली. ससा, उंदीर, घुबड आणि एक आळशी तानुकी, म्हणजे इथलं ढोल्या पोटाचं रानकुत्रं, यांना ती सापडते. थंडीने तिचा उजेड मिणमिणायला लागलाय. वसंत लागायच्या आत तिला घरी पोचायचं आहे, कारण तेव्हा आकाशात हजेरी असते. हजेरीला नसेल तिचं नाव कायमचं खोडतात.

हजेरीचं ऐकून मुलं गंभीर झाली. आम्ही रोज दोनदा घेतो.

सहावीतली हात्सुए मागे बसून आपल्या धाकट्या बहिणीच्या, सुएकोच्या, पायांवरच्या थंडीच्या फोडांना चोळत होती. सुएको तिसरीत, मुठीएवढी. हात्सुए फार बोलत नाही, पण गोष्ट संपल्यावर माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाली, "बाई, मी एक केलंय."

बर्फावर तारे.
उंदराने मोजले,
एक कमी भरला.

मी तिला दोनदा म्हणायला लावलं. बारा वर्षांच्या मुलीला हे कुठून सुचतं? मला खरं तर थोडा हेवा वाटला.

२३ जानेवारी

आज गोष्टीत अडचण आली आणि ती हात्सुएने सोडवली. तारका बर्फातून चालेल कशी? तिला बूट नाहीत.

"सशाच्या केसांचे करा बाई," हात्सुए म्हणाली. "वरून पट्टा मी लावते. पट्टा नीट नसला की टाच घासते."

तिला ते कळणारच. सुमिदा नदीकाठच्या त्यांच्या गल्लीत घरोघरी गेता बनतात, आणि लाकडी खडावांसारख्या त्या चपलांचे पट्टे तिची आई शिवते. वडील आघाडीवर आहेत. इथेही सगळ्या मुलांच्या चपलांचे तुटलेले पट्टे हात्सुएच जोडते. पायरीवर उलटसुलट पडलेल्या चपला जोडीने लावायच्या आणि त्यांची टोकं बाहेरच्या बाजूला वळवून ठेवायची, म्हणजे निघणाऱ्याने सरळ पाय घालावा, हे काम तिने कोणी न सांगता अंगावर घेतलंय.

"आमची आई तर बाबांच्या चपला लपवायची," सुएको मध्येच म्हणाली. "बाबांनी बाहेर जाऊ नये असं वाटलं की लपवायची. मग बाबा शोधत बसायचे आणि उशीर झाला की घरीच राहायचे. एकदा तांदळाच्या भांड्यात लपवल्या होत्या!"

सगळे हसले. हात्सुएने तिला कोपरखळी मारली, कारण घरचं बाहेर सांगायचं नसतं.

"मग बाई, तारकेचे बूट कोणी लपवले तर?" सुएकोने विचारलं.

"तर गोष्ट पुढेच जाणार नाही," मी म्हटलं. "वेड्यासारखं काही विचारू नकोस."

३ फेब्रुवारी

आज दाणे उधळायचा सण. "भुतं बाहेर, सुख आत" म्हणत भाजलेले सोयाबीन घरभर फेकायचे. इशिकाकूंनी कुठूनसे दोन ओंजळी दाणे काढले आणि माझ्यापुढे आपटले. "घ्या. तेवढंच पुण्य."

मुलांनी घोषणा दणक्यात दिली, पण एकानेही दाणा फेकला नाही. एका मुलाने बळंच एक टाकला आणि लगेच त्याच्यावर झेप घेतली. कुसाका सर तोंड फिरवून खिडकीबाहेर बघत राहिले.

१२ फेब्रुवारी

इशिकाकूंनी हात्सुएला स्वयंपाकघरात ओढलंय. सकाळपासून पोरगी चुलीपुढे. खोकला आहे म्हणून मी तिला अभ्यासिकेत झोपवलं होतं, तर या येऊन म्हणाल्या, "मला हाताखाली कोणतरी लागतंय. हीच द्या."

"तिला बरं नाही," मी म्हटलं.

"बसून जाळ घालायला काय धाड भरलीय? द्या म्हटलं ना."

फुकटची मोलकरीण मिळाली, आणखी काय! टोकियोची पोरं म्हणजे यांना आयती मजुरी वाटते. मी कुसाका सरांकडे तक्रार केली. ते म्हणाले, "राहू द्या माकाबे बाई. सगळ्या देवळात जाळ तेवढ्या एकाच जागी आहे." त्यांना भांडण नको असतं कधीच.

संध्याकाळी हात्सुए आली ती गाल लाल करून. ओठांच्या कडेला भाताची पेज वाळलेली. नवी कविता आणली होती.

चुलीतली राख
फुंकली की तारे.
भूक लागते.

सुंदर सुरुवात, आणि शेवटी माती. मी तिला समजावलं की भूक कवितेत आणायची नसते, आणि या दिवसांत तर नाहीच. तारे म्हटल्यावर मन वर जायला हवं. शेवटच्या ओळीच्या जागी मी "रात्र उजळते" घातलं. तिने मान हलवली आणि तसं लिहून घेतलं. माझ्या पुस्तकात तिच्या कविता घेता येतील, अर्थात तिच्या नावाने.

२० फेब्रुवारी

मोठी बातमी! शाळेकडून निरोप आलाय. सहावीच्या मुलांना मार्चच्या पहिल्या आठवड्यात टोकियोला परत पाठवा. दहा तारखेला निरोप समारंभ, मग त्यांच्या पुढच्या शाळांच्या परीक्षा. सहा वर्षं ज्या शाळेत काढली तिथेच प्रमाणपत्र हातात पडणार.

मुलांना सांगितलं तेव्हा सहावीवाले अक्षरशः नाचले. एकाने उशी फाडली. हात्सुए नाचली नाही. ती आधी सुएकोकडे बघत राहिली आणि मग दोन्ही हातांनी तोंड झाकून रडली. आई भेटणार म्हणून, दुसरं काय.

कुसाका सर मात्र निरोपाचा कागद पुन्हा पुन्हा वाचत होते. मी विचारलं तेव्हा म्हणाले, "तिकडे रोज भोंगे वाजतायत म्हणतात."

"भोंगे वर्षभर वाजतायत," मी म्हटलं. "आयुष्यात एकदाच होतो समारंभ. तोही मुलांना मिळू द्यायचा नाही का?"

"हुकूम आहे, तेव्हा नेणारच," ते म्हणाले. "मी नुसतं बोललो."

२ मार्च

इशिकाकूंशी कडाक्याचं भांडण झालं.

हात्सुएला मध्ये ताप आला होता, तो उतरला असला तरी खोकला आहे. काकू परसात लाकडं फोडत होत्या. मला बघून कुऱ्हाड तशीच खाली ठेवली. "त्या पोरीला न्यायची नाही. खोकतीय."

"गाडीत बसून जायचंय. चालायचं थोडंच आहे?"

"काय ठेवलंय तिकडं? आग पडतीय वरून. इथं पाला का होईना, मिळतोय. धाकटी इथं, थोरली तिथं, हे कुठलं शहाणपण?"

"काकू, तुम्हाला स्वयंपाकघरात मदत हवी, ते मी समजू शकते," मी म्हणाले. "पण ती तुमची मोलकरीण नाही. तिची आई तिची वाट बघतेय."

काकूंनी मग कुऱ्हाड उचलली आणि पुन्हा लाकडं फोडायला लागल्या. पटलं असावं, कारण पुढे एक शब्द बोलल्या नाहीत.

शिक्षकाने प्रसंगी ठाम राहावं लागतं. कुसाका सरांना हे जमत नाही, म्हणून मला करावं लागतं.

६ मार्च

उद्या सहावीची मुलं निघणार. कुसाका सर त्यांना घेऊन जातील, मी धाकट्यांबरोबर इथे.

"बाई, शेवट ऐकल्याशिवाय आम्ही जाणार नाही," असा सगळ्यांनी हट्ट धरला. म्हणून आज गोष्ट संपवली. सशाच्या केसांचे बूट घालून धाकटी तारका डोंगराच्या टोकापर्यंत चालत गेली. घुबडाने तिला पाठीवर घेतलं. आकाशात हजेरी सुरू झाली होती. सहा नावं झाली. सातव्या नावाला सगळं आकाश गप्प झालं, आणि तेवढ्यात धापा टाकत आवाज आला, "हजर!"

मुलांनी इतक्या जोरात टाळ्या वाजवल्या की माळ्यावरची धूळ पडली. हात्सुएचे डोळे चमकत होते. तिने हात वर केला. "बाई, तिचे बूट आकाशात लागणार नाहीत. ते तिने खाली पाठवले असं करा ना. दुसऱ्या कोणाला होतील."

केलं तसं. असा शेवट मला एकटीला सुचला नसता.

सुएको टाळ्या वाजवत नव्हती. पाय पोटाशी घेऊन बसली होती. मी तिला जवळ घेतलं. "अगं, ताई काय कायमची चाललीय का?"

"ससा काय करतो मग?" तिने विचारलं. "तारका गेल्यावर?"

"ससा मजेत राहतो," मी सांगितलं.

७ मार्च

काय दिवस गेला! पण शेवट गोड झाला.

सकाळी सगळे पायरीवर जमले. बोचकी बांधलेली, डोक्यावर जाड टोप्या. स्टेशन दोन तासांच्या वाटेवर, आणि गाडी दिवसातून एकच. तर हात्सुएचे बूट नाहीत! आईने निघताना दिलेले कापडी बूट तिने इतके महिने जपून ठेवले होते. काल रात्री स्वतः पायरीवर लावले होते, टोकं बाहेर करून. देवळात होते तेवढे गवताचे बूट निघणाऱ्या मुलांच्या पायात, आणि बाकीच्यांच्या लाकडी चपला बर्फात कुचकामी. बर्फातून अनवाणी कशी नेणार?

सगळं देऊळ पालथं घातलं. कुसाका सर घड्याळ बघत होते. शेवटी म्हणाले, "माकाबे बाई, आता निघायला हवं. हिला राहू दे. पुढे कधी कोणी गेलं तर बरोबर धाडू."

हात्सुए ओठ घट्ट मिटून उभी होती, पायात नुसते मोजे. मला ते बघवेना. या मुलीने सगळ्यांच्या चपला जोडायच्या, आणि हिच्याच पायात काही नसावं?

आणि मग डोक्यात लख्ख प्रकाश पडला. इशिकाकू! मी स्वयंपाकघरात धावले. शिंकाळी, भांडी, लाकडाचा ढीग, सगळं उसकटलं. कोपऱ्यात भाताच्या कोंड्याची मोठी लाकडी पेटी आहे, त्यात मुळे पुरून लोणचं मुरवतात. झाकण उघडून हात घातला आणि कोपरापर्यंत कोंड्यात चाचपलं. दोन्ही बूट खाली एकमेकांना चिकटून बसले होते.

इशिकाकू दारात आल्या. त्यांच्यामागे सुएको, पांढरीफटक. मी बूट उंच धरले. "लाज नाही वाटत? एका लेकराला आईकडे जाऊ देत नाही?"

काकूंनी बुटांकडे बघितलं, मग मागे वळून सुएकोकडे बघितलं. मग म्हणाल्या, "हो. मीच ठेवले."

एवढंच. माफी नाही की काही नाही. मी आणखीही बरंच बोलले. मुलांसमोर बोलले. ते जरा जास्त झालं असेल, पण राग आवरेना.

हात्सुएने बूट पायरीवर आपटून कोंडा झटकला आणि घातले. मग माझ्यापुढे कमरेतून वाकली. "बाई, तुम्ही नसता तर मी राहिले असते." निघताना सुएकोचा हात तिने काही केल्या सोडला नाही. शेवटी मीच सोडवला.

दुपारी बघितलं तर सुएकोच्या बाह्यांना आणि नखांत कोंडा. भुकेने कच्चा कोंडा खाल्ला असणार. मी तिला रागावले. चोरून खाणं वाईट, आणि कच्चा कोंडा तर पोटाला अगदीच वाईट. ती नखांतला कोंडा काढत राहिली.

९ मार्च

आकाश निवळलंय, वारा मात्र वेड्यासारखा. सहावीच्या रिकाम्या अंथरुणांमुळे दालन मोठं वाटतं. एव्हाना सगळी घरी पोचली असतील. आज हात्सुए आईच्या कुशीत झोपेल, उद्या सकाळी समारंभ. सुएकोला म्हटलं, "बघ, ताईने घरी बसून हेच तारे बघितले असतील." ती म्हणाली, "घरी गेल्यावर दिवे बंद ठेवतात आणि खिडक्यांना काळा कागद लावतात. तारे दिसत नाहीत." खरं आहे. पोरांना काही म्हणून सांगायची सोय नाही.

पायरीवर सगळ्या चपला उलटसुलट पडल्यात. कोणीच लावत नाही.

१२ मार्च

गावच्या कचेरीत वर्तमानपत्र आलं. दहाच्या पहाटे शत्रूची विमानं टोकियोवर आली, काही ठिकाणी आगी लागल्या, त्या सकाळपर्यंत आटोक्यात आल्या. काही ठिकाणी म्हणजे कुठे, ते नाही. समारंभ पुढे ढकलला असेल. मुलांचा किती विरस झाला असेल.

१४ मार्च

फोन लागत नाही. तार घेत नाहीत. कचेरीतला माणूस माझ्या नजरेला नजर देत नाही.

१८ मार्च

कुसाका सर परत आले. भुवया नाहीत, डाव्या हाताला चिंध्या गुंडाळलेल्या. पायरीवर बसले आणि बूट काढायचेही विसरले. इशिकाकूंनी काढले.

मुलांना परसात पाठवलं. सर बोलत होते ते एखाद्या गणिताची रीत सांगावी तसं. गाडी आठ तारखेला पोचली. ज्याला त्याला घरच्यांच्या हवाली केलं. मुलांनी एक रात्र घरी काढली. दुसऱ्या रात्री विमानं आली. वारा इतका होता की आग एका गल्लीतून दुसऱ्या गल्लीत उडत गेली. शाळा जळाली. नदीकाठचा आपला सगळा भाग जळाला. "सगळा" हा शब्द त्यांनी तीनदा म्हटला.

मी विचारलं, "आणि मुलं?"

"मला दोन सापडली," सर म्हणाले. "जिवंत, दोन."

मी हात्सुएचं नाव घेतलं. त्यांनी नाही अशी मान हलवली. हात्सुए आणि तिची आई पुलाकडे धावताना कोणीतरी बघितल्या होत्या. पुलावर दोन्ही बाजूंनी आग आली. नंतर कोणी बघितलं नाही.

मग ते म्हणाले, "मी तिला ठेवून जाणार होतो." लगेच म्हणाले, "तुम्हाला लागावं म्हणून नाही बोललो." ते कधीच लागावं म्हणून बोलत नाहीत.

मी बूट शोधून काढले. मी कोंड्यात हात घातला आणि ते बाहेर काढले. मला आनंद झाला होता. वर लिहिलंय तसं. पान फाडावंसं वाटतं, पण हात होत नाही.

१९ मार्च

वरून सूचना आली आहे: ज्यांच्या घरचं कळलेलं नाही अशा मुलांना सध्या काही सांगू नये. मी सुएकोला सांगितलं की रुळांवर बर्फ पडलंय म्हणून टपाल थांबलंय. तिने "हो बाई" म्हटलं. तिला काही कळलेलं नाही. देवाची कृपा.

२१ मार्च

सध्या पितरांचे दिवस. इशिकाकूंनी पांढऱ्या भाताचे लहान लाडू करून वेदीवर ठेवले. हा तांदूळ त्यांनी कुठे दडवला होता कोण जाणे. कोणासाठी ते विचारलं नाही. त्या उदबत्ती लावत असताना मी त्यांच्यामागे गुडघे टेकले आणि कपाळ जमिनीला लावलं.

"तुम्हाला कळलं होतं," मी म्हटलं. "म्हणून तुम्ही बूट लपवलेत. आणि मी तुम्हाला सगळ्यांदेखत काय काय बोलले."

"मला काय कळलं नव्हतं," त्या पाठमोऱ्याच म्हणाल्या. "खोकत होती, एवढंच. चुलीपाशी जरा बरी राहायची. पेज पोटात जायची."

"पण बूट तर तुम्ही—"

"झालं ते झालं, बाई. उठा. पोरं बघतायत."

दाराशी सुएको उभी होती. काकूंनी वेदीवरचा एक लाडू उचलून तिच्या हातात दिला. तिने तो खाल्ला नाही, मुठीत धरून ठेवला.

२४ मार्च

मुलं गोष्ट मागतात. तारका घरी पोचल्याची गोष्ट मी पुन्हा कशी सांगू? आजवर लिहिलेलं सगळं चुलीत घालावंसं वाटतं. भूक लागते, हीच ओळ खरी होती. ती मी खोडली आणि "रात्र उजळते" लिहिलं. माझ्या हातून लिहिलं गेलं ते.

शेवटी सगळ्यांनी फारच धरलं तेव्हा सुएको म्हणाली, "बाई, ती अजून निघालीच नाही, असं सांगा."

"पण ती तर पोचली ना?" दुसरी मुलगी म्हणाली. "हजर म्हणाली की."

"नाही पोचली," सुएको म्हणाली. "इथेच आहे. ससा आणि ती."

 डोकं दुखतंय म्हणून मी उठून गेले.

२७ मार्च

टोकियोला जायचा परवाना मिळाला. उद्याच्या गाडीने निघते. हात्सुए सापडेल अशी आशा आहे. नदीपलीकडच्या शाळांमधून जखमी ठेवलेत, नावं लावलेली नाहीत. एखादी मुलगी नाव सांगू शकत नसेल. किंवा निदान काहीतरी सापडेल. मी तिला पाठवलं, तर मीच शोधायला हवं. त्याशिवाय मला सुएकोसमोर बसता येत नाही.

कुसाका सर म्हणाले, "पुन्हा विमानं येतील." मी म्हटलं, "येऊ देत." खरंच तसं वाटलं.

सुएकोला म्हटलं, कामाला चाललेय, चार दिवसांत येते. तिने विचारलं, "घरी?" मी म्हटलं, "तिकडेच." 

२८ मार्च

सकाळी बोचकं घेऊन पायरीवर आले. माझे बूट नव्हते.

बाकी सगळ्या चपला जोडीने लावलेल्या होत्या. इतक्या दिवसांत पहिल्यांदाच. फक्त त्यांची टोकं बाहेर नव्हती, सगळीच्या सगळी आत, घराकडे वळवलेली.

मी तशीच मोज्यांनी स्वयंपाकघरात गेले. इशिकाकू चुलीपाशी होत्या. कोंड्याच्या पेटीकडे मी बघितलं, तशा त्यांनी मान खाली घातली आणि जाळ पुढे सारला. मी झाकण उघडलं. या वेळी चाचपावं लागलं नाही. वरच्या कोंड्यात लहान बोटांचे ठसे होते, आणि त्याखाली माझ्या बुटांचे पट्टे दिसत होते. पट्टे एकमेकांना बांधून टाकले होते, गाठीवर गाठ.

तेव्हा कळलं. त्या वेळी कोणी लपवले होते, आणि बाह्यांना कोंडा का लागला होता, आणि काकू मागे वळून कोणाकडे बघून "मीच" म्हणाल्या होत्या. मी त्या पोरीच्या हातातून तिची बहीण सोडवून घेतली आणि वर तिलाच चोरीसाठी रागावले.  तिथेच पेटीला धरून बसले आणि रडले, आवाज करून रडले. काकूंनी रडू दिलं.

नंतर दाराकडे बघितलं तर सुएको उभी. पळून गेली नाही. हात मागे लपवलेले.

"गाडी गेली का बाई?" तिने विचारलं.

गाडीला वेळ होता. दोन तासांची वाट, मनात आणलं असतं तर गाठता आली असती. काकू माझ्याकडे बघत होत्या.

"गेली," मी म्हटलं. "माझे बूट सापडले नाहीत ना. उशीर झाला."

मी पेटीचं झाकण लावलं. सुएकोने मोठा श्वास सोडला आणि येऊन माझ्या मांडीवर डोकं ठेवलं. केसांना कोंड्याचा वास येत होता. इतक्या दिवसांत ती पहिल्यांदाच रडली. ताई म्हणाली नाही, आई म्हणाली नाही, नुसती रडली. तिला सगळं माहीत होतं. कधीपासून, ते मी विचारलं नाही.

संध्याकाळी कृत्तिका पश्चिमेच्या डोंगराकडे कलल्या होत्या. आणखी थोड्या दिवसांनी दिसणार नाहीत. मी मुलांना गोळा केलं आणि गोष्ट पुन्हा सांगायला घेतली. धाकटी तारका बर्फात बसली होती. ससा, उंदीर, घुबड आणि तानुकी तिच्याभोवती होते. वर आकाशात हजेरी चालू होती आणि तिला निघायचं होतं.

"पण तिचे बूट कुठेच सापडेनात," मी सांगितलं.

"मग?" मुलांनी विचारलं.

"मग काय, ती राहिली."

"आणि हजेरीत एक कमी भरला?"

"हो," सुएको म्हणाली. "भरू दे."